ताकाशी शिमुरा : दुय्यम भूमिकांचा थोर नट

नाताळच्या सणाला शाळेंत नाटक बसवावयाचें ठरलें, म्हणजे पात्रांची वांटणी करतांना शिक्षकांपुढें नेहमीं एकच अडचण उभी राहते. हेरोद राजा होण्यास दहा मुलें पुढें येतात. देवदूताच्या पंखांसाठीं तर रडारडसुद्धां होते. परंतु धर्मशाळेचा मालक, किंवा मेंढरांमागें मुकाट्यानें उभा राहणारा तिसरा मेंढपाळ, यांचें नांव निघालें कीं सर्वांच्या माना खालीं जातात. ज्याच्या वांट्यास असें काम येतें, तो मुलगा घरीं जाऊन आईजवळ कुरकुर करतो, आणि कधीं कधीं त्याचे वडील आमच्याकडे रदबदलीस येतात. अशा वेळीं आम्हांस एका जपानी नटाची आठवण होते. त्यांचें नांव ताकाशी शिमुरा. जपानच्या तरवारबाज सामुराईंवरील आणि मल्लविद्येवरील जे चित्रपट पुढें जगभर नांवाजले गेले, त्यांतील कित्येकांत ते होते. परंतु बहुधा नायक म्हणून नव्हे, तर नायकाच्या बाजूस, मागें किंवा समोर उभे राहणारे म्हणून. त्यांचें चरित्र आमच्या विद्यार्थ्यांनीं वाचावें अशी आमची इच्छा आहे.

नटाचें चरित्र शाळेच्या वार्षिकांत कशाला, असें पालकवर्गांपैकीं कित्येकांस वाटेल. चित्रपट पाहण्यांत मुलांचा वेळ फुकट जातो, ही त्यांची तक्रार आम्हांसहि पुष्कळ अंशीं मान्य आहे. तथापि मनुष्य कोणत्या धंद्यांत होता, यापेक्षां त्या धंद्यांत तो कसा वागला, हें पाहणें अधिक योग्य होय. त्या दृष्टीनें शिमुरा यांच्या आयुष्यांत शिकण्यासारखें पुष्कळ आहे.

त्यांचें जन्मनांव शोजी शिमाझाकी. जपानांतील ह्योगो प्रांतांत इकुनो नांवाचें, एके काळीं रुप्याच्या खाणींकरितां प्रसिद्ध असलेलें गांव आहे, तेथें ता. १२ मार्च १९०५ रोजीं त्यांचा जन्म झाला. घराणें सामुराईंचें. सामुराई म्हणजे जपानांतील पिढीजाद योद्ध्यांचा वर्ग. कमरेला दोन तरवारी बाळगण्याचा मान त्यांचा असे. १८६८ सालीं जपानांत जी यादवी माजली, तींतील तोबा-फुशिमीच्या लढाईंत शिमुरा यांचे आजोबा लढले होते. त्यानंतर थोड्याच वर्षांत नव्या राजवटीनें सामुराईंचे विशेष हक्क आणि तरवारीहि काढून घेतल्या. शिमुरा यांच्या वडिलांनीं मित्सुबिशी कंपनीची नोकरी धरली. म्हणजे ज्या योद्ध्यांचीं सोंगें हा मुलगा पुढें जन्मभर आणणार होता, त्यांचें युग त्याच्या जन्मापूर्वींच मावळलें होतें.

१९११ सालीं शोजी गांवच्या प्राथमिक शाळेंत व १९१७ सालीं कोबे शहरांतील माध्यमिक शाळेंत दाखल झाला. परंतु तेथें त्याला क्षयाची बाधा झाली. दुखणें सौम्य असलें तरी त्यांत शाळेचीं दोन वर्षें गेलीं. पुढें वडिलांची बदली दक्षिणेकडील नोबेओका या गांवीं झाल्यामुळें तो तेथील शाळेंत गेला, आणि तेथें मात्र चमकला. इंग्रजी हा त्याचा आवडता विषय होता. नौका वल्हविणाऱ्या संघांत त्याची गणना उत्तम खेळाडूंत होई. शिवाय शाळेच्या नियतकालिकांत तो कविता देत असे. आमच्या ह्या वार्षिकासाठीं भीत भीत कविता आणून देणाऱ्या विद्यार्थ्यांनीं ही गोष्ट ध्यानांत ठेवावी. आणि आजारामुळें ज्यांचें एखादें वर्ष बुडालें असेल, त्यांनींहि ठेवावी.

१९२३ सालीं शिमुरा ओसाकाजवळील कान्साय विद्यापीठांत गेले. थोड्याच काळांत वडील सेवानिवृत्त झाले व पूर्ण वेळ शिकण्याची फी देणें घरच्यांना झेपेना. तेव्हां त्यांनीं अर्धवेळ शिकावयाचें ठरवून इंग्रजी वाङ्मय हा विषय घेतला, आणि पोटासाठीं ओसाका नगरपालिकेच्या पाणीपुरवठा खात्यांत नोकरी धरली. विद्यापीठांत त्यांना नाटककार तोयोओका आणि शेक्सपियरचे अभ्यासक त्सुबोउची यांच्यासारखे अध्यापक लाभले. त्यांच्या शिकवणुकीनें शिमुरा यांना नाटकाचें वेड लागलें. १९२८ सालीं त्यांनीं सोबत्यांसह एक हौशी नाटकमंडळी काढली. तालमींपायीं कचेरींत खाडे पडूं लागले आणि शेवटीं नोकरी गेली. खाडे करणें हा कांहीं सद्गुण नव्हे, आणि आम्ही तो विद्यार्थ्यांपुढें ठेवीत नाहीं. परंतु पुढें जें घडलें तें पाहण्यासारखें आहे. नोकरी गेल्यावर शिमुरा यांनीं विद्यापीठहि सोडलें आणि नाटकावरच पोट भरण्याचा निश्चय केला. मंडळी गांवोगांव हिंडली, कर्जांत बुडाली आणि मोडली. ते ओसाकास परत आले, रेडिओवरील नाटकांत बोलूं लागले, दुसऱ्या एका धंदेवाईक मंडळींत शिरले, तिच्याबरोबर चीनपर्यंत दौरा करून आले, आणि पुन्हां रिकाम्या हातांनीं ओसाकास उभे राहिले. वय सत्तावीस वर्षांचें झालें होतें, आणि दाखवावयास कांहींच नव्हतें.

त्याच सुमारास जपानांत मूकपट मागें पडून बोलपट येऊं लागले होते. ज्यांनीं रंगभूमीवर आवाज कमावला आहे, त्यांना या नव्या धंद्यांत वाव मिळेल, हें शिमुरा यांनीं ओळखलें व ते क्योटो येथील एका चित्रपट कंपनींत शिरले. १९३४ सालीं ते प्रथम पडद्यावर आले, तेंहि गंमत म्हणजे एका मूकपटांतच. पुढें १९३७ पासून १९४२ पर्यंत निक्कात्सु कंपनीसाठीं त्यांनीं जवळजवळ शंभर चित्रपटांत कामें केलीं. त्यांतील पुष्कळसे जुन्या काळच्या तरवारबाजीचे होते. आज चोर, उद्यां शिपाई, परवां सराईत जुगारी किंवा म्हातारा नोकर, अशीं तीं कामें. नायकाचें नांव मोठ्या अक्षरांत आणि याचें कोठें तरी खालीं. परंतु हीच त्यांची खरी शाळा ठरली. पेटींतील निरनिराळीं हत्यारें सुताराच्या हातीं बसावींत, तशीं निरनिराळ्या माणसांचीं चालण्या-बोलण्याचीं ढब त्यांच्या अंगीं बसली.

हीं वर्षें जपानांत कडक दडपशाहीचीं होतीं. ज्यांचे विचार सरकारास पसंत नसत, त्यांना गुप्त पोलीस पकडून नेत. शिमुरा यांचा पूर्वीं डाव्या विचारांच्या नाटकमंडळ्यांशीं संबंध आला होता, एवढ्या कारणावरून त्यांनाहि पकडून सुमारें तीन आठवडे कोठडींत ठेवण्यांत आलें. पत्नी मासाको आणि एक सहकारी नट यांनीं हमी घेतल्यावर त्यांची सुटका झाली. महायुद्ध संपल्यानंतर, १९४६ सालीं, त्याच गुप्त पोलिसांच्या जुलमावर एक चित्रपट निघाला. त्यांत शिमुरा यांच्या वांट्यास भूमिका आली ती कैद्याची नव्हे, तर कैद्यांना छळणाऱ्या अधिकाऱ्याची. ज्यांनीं आपल्याला कोंडलें, त्यांचाच अंगरखा अंगावर घालून त्यांनीं तें काम केलें, आणि कोठडींतील अनुभव त्यांत उपयोगीं आणला असें सांगतात. द्वेष मनांत कुजत ठेवण्यापेक्षां त्याचा असा उपयोग करणें केव्हांहि बरें.

परंतु आपण थोडें पुढें गेलों. १९४३ सालीं शिमुरा तोहो कंपनींत आले आणि तेथें अकिरा कुरोसावा या तरुण दिग्दर्शकाशीं त्यांची गांठ पडली. कुरोसावांचा तो पहिलाच चित्रपट. नांव सान्शिरो सुगाता. जपानांत जुजुत्सु नांवाची मल्लविद्येची जुनी परंपरा होती. १८८२ सालीं जिगोरो कानो या शिक्षकानें तिच्यांतून ज्यूदो ही नवी पद्धति निर्माण केली. तीत केवळ प्रतिस्पर्ध्यास पाडण्यापेक्षां स्वतःच्या मनास वळण लावण्यावर अधिक भर होता. ह्या जुन्या-नव्या तालमींच्या चुरशीवर तो चित्रपट आहे. सान्शिरो हा नव्या तालमींतील तरणाबांड मल्ल, आणि पोलिसांनीं भरविलेल्या सामन्यांत त्याच्या समोर उभा राहणारा जुन्या विद्येचा वृद्ध उस्ताद हान्सुके मुराई, ही शिमुरांची भूमिका. शिमुरा तेव्हां अवघे अडतीस वर्षांचे होते. पण वृद्ध शरीराचा शीण त्यांनीं असा दाखविला कीं पाहणारा त्यांचें वय विसरतो.

सामन्यापूर्वीं सान्शिरोनें एका देवळापाशीं एक मुलगी प्रार्थना करतांना पाहिली होती. आपल्या बापाला जय मिळावा म्हणून ती देवाला आळवीत होती, आणि तो बाप म्हणजे मुराईच, हें त्याला मागाहून कळलें. आतां तो आखाड्यांत उतरला आहे. तो म्हाताऱ्यास उचलून आपटतो. म्हातारा उठतो. पुन्हां आपटतो. म्हातारा पुन्हां उठतो, पाय लटपटत असतांहि पवित्रा घेतो. शेवटीं उठणें अशक्य होतें, तेव्हां तो आपला पराभव कबूल करतो. पुढें हाच मुराई आजारी असतां सान्शिरोला आपल्या घरीं बोलावतो, मनांत कांहीं एक किल्मिष न ठेवतां त्याच्याशीं पुत्राप्रमाणें बोलतो. सान्शिरोचा जय मोठा कां वाटतो? समोरचा माणूस मोठ्या मनानें हरला म्हणून. शिमुरा यांनीं ती हार जर पोकळ दाखविली असती, तर नायकाचा जयहि पोकळ ठरला असता. दुय्यम भूमिकेचें सारें रहस्य आम्हांस ह्या एका कुस्तींत दिसतें.

युद्धाच्या शेवटच्या दिवसांत, १९४५ च्या उन्हाळ्यांत, शिमुरा यांचे वडील बंधु आग्नेय आशियांत मारले गेले. अवघे कांहीं आठवडे आणखी निघते तर ते वांचते. हें दुःख गिळून शिमुरा कामास लागले. पुढील दहा वर्षांत कुरोसावांच्या जवळजवळ प्रत्येक चित्रपटांत ते दिसतात. १९४८ सालीं त्यांनीं एका गलिच्छ डबक्याकांठच्या वस्तींतील व्यसनी पण दयाळू डॉक्टराचें काम केलें, आणि तोशिरो मिफुने हा नवा नट त्या डॉक्टराच्या रोग्याच्या भूमिकेंत एकदम प्रकाशांत आला. पुढच्या वर्षीं एका पोलिसी चित्रपटांत मिफुने तरुण शोधक झाले, तर शिमुरा त्याला शहाणपण शिकविणारे वडीलधारे शोधक. मिफुने म्हणजे धगधगता जाळ, तर शिमुरा म्हणजे त्या जाळाभोंवतीं रचलेले चुलीचे दगड. चूल नीट मांडलेली नसेल तर जाळ घर जाळील, पण भात शिजविणार नाहीं.

१९५० सालचा राशोमोन हा चित्रपट १९५१ मध्यें व्हेनिस येथील महोत्सवांत सुवर्णसिंह या पहिल्या बक्षिसास पात्र ठरला, आणि जपानी चित्रपटांकडे सर्व जगाचें लक्ष वेधलें. एका सामुराईच्या खुनाची हकीकत प्रत्येक साक्षीदार आपापल्या सोयीनें सांगतो, असा त्याचा विषय आहे. शिमुरा त्यांत एक गरीब लांकूडतोड्या आहेत. तोहि सर्वस्वीं खरा नाहीं. प्रेताजवळची मौल्यवान कट्यार त्यानें लांबविली आहे असा संशय त्याच्यावर येतो, आणि त्याला उत्तर देतां येत नाहीं. परंतु शेवटीं पडक्या वेशींत टाकून दिलेलें एक तान्हें मूल सांपडतें, तेव्हां घरीं सहा मुलें असलेला हा दरिद्री माणूस सातवें म्हणून त्याला उराशीं धरून घेऊन जातो. पापी मनुष्यास देखील चांगलें कृत्य करण्याची वाट मोकळी असते, ही गोष्ट आम्ही रविवारच्या शाळेंत किती प्रकारांनीं सांगतों! शिमुरा यांनीं ती लाजेनें खालीं झुकलेल्या मानेनें आणि दोन हातांच्या ओंजळीनें सांगितली.

१९५२ सालच्या इकिरू या चित्रपटांत मात्र ते स्वतः नायक झाले. तीस वर्षें नगरपालिकेच्या कागदांवर शिक्के मारीत बसलेला एक अधिकारी, आपल्याला पोटाचा कर्करोग झाला आहे हें समजल्यावर, उरलेल्या थोड्या दिवसांत डांसांच्या डबक्याच्या जागीं मुलांसाठीं बाग व्हावी म्हणून दारोदार खेटे घालतो, आणि त्या बागेंतील झोपाळ्यावर हिमवर्षावांत त्याचा अंत होतो. खाड्यांपायीं नगरपालिकेनें ज्याला तरुणपणीं काढून टाकलें, त्याच माणसानें सत्तेचाळिसाव्या वर्षीं नगरपालिकेच्या नोकराचें हें अजरामर चित्र उभें केलें, हा योग मोठा चमत्कारिक आहे.

१९५४ सालीं सात सामुराई हा चित्रपट निघाला. साडेतीन तासांच्या जवळपास चालणाऱ्या ह्या चित्रपटांत दरोडेखोरांनीं गांजलेले शेतकरी, केवळ पोटभर भाताच्या मोबदल्यांत, सात बेकार सामुराईंना आपल्या खेड्याच्या रक्षणार्थ आणतात. त्या सातांचा पुढारी काम्बेई म्हणजे शिमुरा. त्याचें पहिलेंच दर्शन मोठें बोलकें आहे. एका चोरानें लहान मूल पळवून झोपडींत कोंडलें आहे. त्या मुलाला सोडविण्यासाठीं काम्बेई भिक्षूचा वेष घेतो आणि त्याकरितां आपली शेंडी कापून डोकें तासून घेतो. सामुराईची शेंडी म्हणजे त्याची अब्रू. ती त्यानें एका अनोळखी शेतकऱ्याच्या मुलासाठीं, कपाळावर आठी न घालतां, उतरवून ठेविली. नंतर चित्रपटभर तो विचार करतांना आपलें तें तासलेलें डोकें चोळीत राहतो, आणि प्रत्येक वेळीं आपल्याला त्या त्यागाची आठवण होते.

पुढें गांवाच्या बचावासाठीं ओढ्यापलीकडचीं कांहीं घरें सोडून द्यावीं लागणार असें ठरतें. त्या घरांचे धनी रागावून रांगेंतून फुटतात. तेव्हां एरवीं शांत असलेला काम्बेई तरवार उपसून त्यांना परत रांगेंत हांकतो. प्रत्येकानें आपापलें घर पाहिलें तर सर्वांचींच घरें जातील, हें तो त्यांना बजावतो. चिखल आणि मुसळधार पाऊस यांत शेवटची लढाई होते. दरोडेखोर मरतात, पण सातांपैकीं चार सामुराईहि पडतात. नंतर ऊन पडतें, शेतकरी गात गात भाताची लावणी करूं लागतात, आणि काम्बेई टेकडीवरील चार थडग्यांकडे पाहून, जय आपला नसून त्या शेतकऱ्यांचा आहे, असें मानून उभा राहतो. दुसऱ्यांचें रक्षण करून त्यांनीं आपल्याला विसरावें, हें सोसावयास तरवार चालविण्याहून अधिक बळ लागतें. ह्या चित्रपटास व्हेनिस येथें रौप्यसिंह मिळाला. ब्रिटिश चित्रपट अकादमीनें परदेशी नटांच्या बक्षिसासाठीं मिफुने व शिमुरा या दोघांचींहि नांवें विचारांत घेतलीं. आणि १९६० सालीं अमेरिकेंत तीच कथा घोडेस्वारांच्या प्रदेशांत नेऊन नवा चित्रपट करण्यांत आला. त्याच १९५४ सालीं शिमुरा यांनीं गोजिरा या राक्षसी प्राण्याच्या प्रसिद्ध चित्रपटांत वृद्ध शास्त्रज्ञाचेंहि काम केलें.

येथें त्यांच्या आयुष्यांतील खरी कसोटी आली असें आम्हांस वाटतें. ज्यानें कधींच मोठें काम केलें नाहीं, त्याला लहान कामाचें दुःख थोडें. परंतु ज्याचें नांव युरोप-अमेरिकेंत झालें, त्यानें पुन्हां मागच्या रांगेंत कसें जावें? शिमुरा गेले. १९५७ च्या चित्रपटांत एक सरदार, १९५८ च्या चित्रपटांत पराभूत राजघराण्याचा एकनिष्ठ वृद्ध सेनापति, १९६१ मध्यें एक लोभी दारू गाळणारा व्यापारी, १९६२ मध्यें एक कपटी अधिकारी, अशीं चार-दोन प्रसंगांचीं कामें त्यांनीं घेतलीं. त्या सर्वांत मुख्य भूमिका मिफुने यांच्याकडे होती. ज्या तरुणास त्यांनीं वडीलकीनें वागविलें, तोच आतां पुढें उभा होता आणि शिमुरा बाजूस. परंतु त्यांच्या कोणत्याहि लहान कामांत कंटाळा किंवा उरकून टाकण्याची घाई दिसत नाहीं. दिव्याची वात लहान केली तरी तेल तेंच असतें.

१९७४ सालीं जपान सरकारनें त्यांना कलावंतांसाठीं असलेलें जांभळ्या फितीचें पदक दिलें आणि १९८० सालीं उगवत्या सूर्याच्या मानमालिकेंतील चौथ्या वर्गाचा मान दिला. त्याच १९८० सालीं, पंधरा वर्षांच्या खंडानंतर, कुरोसावांनीं कागेमुशा या आपल्या भव्य युद्धपटांत त्यांच्याकरितां मुद्दाम एक लहानशी भूमिका योजिली. परंतु परदेशांत दाखविण्याकरितां चित्रपटाची लांबी कमी करण्यांत आली, तेव्हां शिमुरा यांचे प्रसंगच कापले गेले! म्हणजे ज्या देशांत त्यांची कीर्ति होती, तेथील प्रेक्षकांना त्यांचें मित्राबरोबरचें हें शेवटचें काम त्या वेळीं दिसलेंच नाहीं. पुढें तो चित्रपट पूर्ण स्वरूपांत दाखविण्यांत आला, पण तोंवर शिमुरा हयात नव्हते. फुप्फुसांच्या विकारानें ता. ११ फेब्रुवारी १९८२ रोजीं तोकियो येथें, वयाच्या शहात्तराव्या वर्षीं, त्यांचें निधन झालें. कुरोसावांनीं आयुष्यांत एकंदर तीस चित्रपट दिग्दर्शित केले. त्यांतील एकवीस चित्रपटांत शिमुरा आहेत. नायक म्हणून गाजलेले मिफुनेसुद्धां सोळांतच आहेत. ही संख्या प्रत्येकानें लक्षांत घ्यावी. घर बांधणाऱ्यास कळस एकदांच लागतो; खांब मात्र प्रत्येक मजल्यास लागतात.

विद्यार्थ्यांनो, वर्गांत पहिला नंबर एकाचाच येतो आणि संघाचा नायक एकच असतो. उरलेल्यांनीं काय करावें, हा प्रश्न बक्षिससमारंभाच्या दिवशीं टाळ्या वाजविणाऱ्या पुष्कळ मुलांच्या मनांत असतो. आम्हीं तो त्यांच्या चेहऱ्यांवर वाचला आहे. पालकांच्या चेहऱ्यांवरहि वाचला आहे. शिमुरा यांच्या आयुष्यांत त्याचें उत्तर आहे. फीसाठीं नोकरी करणारा, मोडक्या मंडळ्यांबरोबर हिंडणारा, शंभर चित्रपटांत कोपऱ्यांत उभा राहणारा हा माणूस, वांट्यास आलेल्या प्रत्येक लहान कामांत सबंध उतरला. मनुष्य बाहेरचें पाहतो, परंतु अंतःकरण पाहणारा कोणी निराळा आहे, असा आमचा विश्वास आहे. आणि त्याच्या दृष्टीनें तिसऱ्या मेंढपाळाची जागा हेरोदाच्या सिंहासनापेक्षां खचित उंच आहे. येत्या नाताळांत ती भूमिका ज्याच्या वांट्यास येईल, त्यानें ती खुशीनें घ्यावी, आणि त्याच्या आईबापांनीं पहिल्या रांगेंत बसून ती डोळे भरून पाहावी, एवढेंच आमचें मागणें आहे.